रेवतीच्या मापाची बाई

रेवती लहानपणापासून अंगाने भरलेली. ‘भरलेली’ हा आईचा शब्द. शेजारच्या तिवारी चाची ‘खाते-पीते घर की’ म्हणत. शाळेतली मुलं जे म्हणत, ते रेवती अजूनही तोंडाने उच्चारत नाही. या सगळ्याची तिला सवय झाली. झाली नाही ती फक्त माप देण्याची. आई कपडे शिवायला झाशीच्या लक्ष्मी गेटच्या आत एका मास्टरजींकडे टाकायची. मास्टरजी टेप लावायचे, आकडा सांगायचे आणि आत मशीनवर बसलेला त्यांचा भाऊ तो लिहून घ्यायचा. वाईट हेतू कुणाचाच नसे. पण मशीनच्या खडखडाटावरून ऐकू जावा म्हणून आकडा ओरडूनच सांगावा लागे, आणि दुकानात तीन-चार बायका ताटकळत बसलेल्या असत. बारावीनंतर रेवतीने शिवून घेतलेले कपडे घालणंच सोडून दिलं.

तिचे बाबा सुभाषचंद्र सरकारी कारखान्यातल्या नोकरीसाठी अमरावतीहून झाशीला आले आणि निवृत्त झाल्यावरही इथेच, सीपरी बाजारच्या मागे घर बांधून राहिले. घरात मराठी, फाटकाबाहेर हिंदी. रेवतीला तर राग येतो तोही हिंदीतच. डिप्लोमा करून ती एका फॅब्रिकेशनच्या वर्कशॉपमध्ये कॉम्प्युटरवर ड्रॉइंग काढते. ब्रॅकेट, टाक्या, टाक्यांची झाकणं. दिवसभर लोखंड घडवायचं आणि घरी आल्यावर माणसं, असं तिचं चाललेलं असतं.

माणसं म्हणजे गेममधली. तलवारी, घोडे, बर्फाचे डोंगर आणि राक्षस असलेला एक भलामोठा गेम आहे. त्यात आपलं पात्र आपणच घडवायचं असतं. नाक, भुवया, गालावरचा जुना वार, सगळं हवं तसं करता येतं. शरीरासाठी मात्र एकच पट्टी दिलेली. एका टोकाला बारीक, दुसऱ्या टोकाला जाड. पण ती पट्टी शेवटपर्यंत ओढली तरी बाई दिसायची व्यायामशाळेच्या जाहिरातीतल्यासारखी. गेम बनवणाऱ्यांनी जे दिलेलं नसतं ते खेळणारेच बनवतात आणि एकमेकांना फुकट देतात. त्याला मॉड म्हणतात. बाईचं शरीर बदलणारे मॉड ढिगाने होते. बहुतेक सगळे कंबर आणखी बारीक करणारे.

या गेमचं वेड तिला लावलं इराने. इराचे वडील फौजेत, मूळचे साताऱ्याकडचे. त्यांची बदली झाशीजवळ बबीनाच्या छावणीत झाली तेव्हा इरा रेवतीच्या वर्गात आली. फौजेतल्या मुलांना मैत्री लवकर उरकायची सवय असते, कारण पुढची बदली ठरलेली. रेवतीला मैत्री जमायलाच वेळ लागायचा. इराने तिला तो वेळच दिला नाही. पहिल्याच दिवशी रेवतीच्या डब्यातलं थालीपीठ उचलून म्हणाली, “अगं, मराठी डबा! आता तू माझी.” पुढे इराच्या वडिलांची बदली झाली, इरा पुण्यात नोकरीला लागली, पण दोघी कानाला हेडफोन लावून त्या बर्फाच्या डोंगरात रोज भेटत राहिल्या.

एका दिवाळीत इरा बबीनाच्या जुन्या शेजाऱ्यांकडे आली होती, ती दोन दिवस रेवतीकडे राहिली. गच्चीवरच्या खोलीत गप्पा मारताना रेवती म्हणाली, “एक तरी धड जाड बाई हवी गं या गेममध्ये.”

“मग बनव की. तू ब्रॅकेट बनवतेस, बाई नाही बनवता येणार?”

“कुणाची बनवू?”

“स्वतःची. दुसऱ्या कुणाची अंदाजाने करशील आणि चुकेल. तुझी मापाने होईल.”

इराने खालून रेवतीच्या आईच्या शिवणाच्या डब्यातून टेप आणला. “मी घेते माप. आणि आकडा कानात सांगते. मास्टरजींसारखी बोंब नाही मारणार. शपथ, कुणाला कळणार नाही की ही तू आहेस.”

दंड, पोट, मांडी, पोटरी. इराने खरंच एकेक आकडा कानात सांगितला. रेवतीला आयुष्यात पहिल्यांदा माप देताना हसू आलं.

बाई उभी राहिली तरी काम संपत नाही, हे तिला नंतर कळलं. शरीर म्हणजे एक जाळी असते आणि तिच्या आत हाडं. कोणतं हाड हललं की कुठला भाग किती ओढला जाईल, हे रंगाने रंगवून सांगावं लागतं. पहिली बाई खाली बसली की पोट मांड्यांतून आरपार जायचं. चिलखतं सगळी बारीक बायकांच्या मापाची, ती एकेक करून नव्या अंगावर बसवावी लागली. रेवती स्वतः खुर्चीवर बसायची, उठायची, जिना चढायची, आणि पोटाला घडी कुठे पडते ते बघून परत कॉम्प्युटरकडे यायची. “काय गं, सारखी उठबस चाललीये?” आई विचारायची. “व्यायाम,” रेवती सांगायची, आणि आई खूश व्हायची. इरा पुण्यातून त्वचेचा रंग, पोटावरच्या रेषा, कोपराचा काळसरपणा रंगवून पाठवत होती.

चालताना अंग किती हलावं याचेही आकडे असतात. रेवतीने ते फार विचार करून ठरवले होते. हलायला हवं, कारण खऱ्या अंगाला वजन असतं. पण बघणाऱ्याची नजर तलवारीवरून ढळता कामा नये.

मॉडचं नाव तिने ठेवलं ‘वजनदार’. साइटवर टाकताना परवानगीचा प्रश्न आला. दुसऱ्यांनी हे काम घेऊन बदलावं का? रेवतीने ज्या सांगाड्यावर काम केलं होतं तो कुणा अनोळखी माणसाने असाच फुकट देऊन ठेवलेला होता. आपण घ्यायचं आणि स्वतःचं मात्र कुलपात ठेवायचं, हे तिला बरं वाटेना. मॉड बनवणाऱ्यांत ते वाईटच समजतात. तिने ‘कुणीही वापरावं, बदलावं, फक्त मूळ बनवणारीचं नाव द्यावं’ यावर खूण केली.

फार लोकांनी घेतलं असं नाही. पण ज्यांनी घेतलं त्यांतल्या काही बायकांनी खाली लिहिलं. एकीने हिंदीत लिहिलं होतं, ‘पहली बार मेरी योद्धा मेरी तरह बैठती है.’ ते वाक्य रेवतीने किती वेळा वाचलं असेल कोण जाणे. कधीतरी आईला बाजूला बसवून सांगायचं, बघ, ही मी, असंही तिच्या मनात होतं. पण धीर होत नव्हता.

मग गेल्या हिवाळ्यात, एका रविवारी सकाळी, ‘वजनदार’च्या पानावर अचानक गर्दी झाली. रेवतीला आधी आनंदच झाला. खाली नवे शेरे होते. ‘मौसी का मायका यही है क्या?’ ‘ओरिजिनल मौसी मिल गई भाई लोग.’ तिला काही उमगेना. शोधत गेली तेव्हा दुसरं एक मॉड सापडलं. नाव, ‘मोटी मौसी’. डोंगरातल्या राक्षसिणीच्या जागी एक जाड बाई येते, हातात लाटणं घेऊन, खेळणाऱ्याच्या मागे धावते. अंग हलण्याचे आकडे टोकाला नेलेले. दर पावलाला पोट एकीकडे, बाई दुसरीकडे. पडली की उताणी पडून पाय झाडते. कुणा व्हिडिओवाल्याने ते खेळताना हसून हसून खुर्ची सोडली होती आणि तो व्हिडिओ सगळीकडे फिरत होता.

पोटावरच्या रेषा रेवतीने ओळखल्या. डाव्या दंडावरचा लसीचा डागसुद्धा तसाच होता. बनवणाऱ्याच्या जागी इराचं नाव होतं. आणि खाली, नियमाप्रमाणे, ‘मूळ शरीर: रेवती, झाशी.’

रेवतीने इराला फोन केला नाही. इरा त्याच आठवड्यात बबीनाला एका लग्नाला येणार होती आणि वाटेत जेवायला घरी येणार होती. समोर बसल्यावर ती आपण होऊन सांगेल, चुकलं म्हणेल, निदान चाचरेल तरी, असं रेवतीने मनाशी धरलं. एवढ्या वर्षांच्या मैत्रीला तेवढी संधी द्यायलाच हवी होती.

इरा आली ती हसतच. आईने तिच्यासाठी अळूची पातळ भाजी केली होती.

“इरा बेटा, किती वाळलीस गं! पुण्यात जेवायला देतात की नाही?”

“देतात काकू, पण असं नाही.” इराने दुसऱ्यांदा भाजी घेतली. “आणि काकू, तुम्हाला रेवाने सांगितलं का? आमचं काम किती फेमस झालंय!”

रेवतीचा घास हातातच राहिला. इराने डाव्या हाताने मोबाइल काढला आणि ताटाशेजारी उभा केला.

बाई डोंगरावरून धावत आली. आईने आधी चष्मा सारखा केला, मग पदर तोंडाला लावला. “अगो बाई! ही तर आपल्या भाचीच्या सासूसारखी!” बाबांना ठसका लागला. बाई पडली, पाय झाडू लागली, तेव्हा दोघंही अगदी डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसले.

“परत लाव, परत लाव,” बाबा म्हणाले.

“आई,” रेवती म्हणाली, “ती मी आहे.”

“काय?”

“माझं माप आहे ते. पोट माझं, दंड माझा. इराने टेप लावून घेतलंय, वर गच्चीवर.”

आईच्या तोंडावरचा पदर तसाच राहिला. बाबांनी पाण्याचा पेला उचलला आणि न पिता खाली ठेवला. मोबाइलमध्ये बाई अजून धावत होती. शेवटी इरानेच तो पालथा घातला.

“अगं, असं काय करतेस? मस्करी आहे ती.”

“हटा दे उसको.”

“रेवा...”

“हटा दे, मैंने बोला ना.”

इराने बाबांकडे, मग आईकडे पाहिलं. तिथून मदत येत नाही म्हटल्यावर तिचा आवाज जरा कडक झाला. “परवानगी तूच उघडी ठेवली होतीस. मी चोरलं नाही. आणि तुझं नाव दिलंय खाली. कुणी देत नाही एवढं.”

“नाव द्यायला कुणी सांगितलं होतं?”

“नियम आहे! नाही दिलं असतं तर म्हणाली असतीस, इराने नाव खाल्लं.”

“तू शपथ घेतली होतीस.”

“मग कुणाला सांगितलं मी? एका माणसाला तरी सांगितलं? लोक मौसीला हसतात, तुला नाही. तुला कोण ओळखतं तिथे?” आणि मग इरा अगदी समजुतीच्या सुरात म्हणाली, “आत्ता तू बोलली नसतीस ना, तर काकूंनाही कळलं नसतं.”

हे खरं होतं. तेच रेवतीला सोसलं नाही. जन्म दिलेल्या आईने ते पोट पाहिलं आणि ओळखलं नाही, हसली. आणि इराने, जिला त्या पोटाचा आकडान् आकडा माहीत होता, ते ओळखून लोकांना हसायला ठेवलं. दोन्हींत जास्त काय लागलं, हे तिला तेव्हा सांगता आलं नसतं. ती ताटावरून उठली.

इराची ऑटो आली तेव्हा आई तिला सोडायला फाटकापर्यंत गेली, पण नेहमीसारखं ‘परत ये’ म्हणाली नाही. परत आली ती थेट रेवतीच्या खोलीत. दारात उभी राहून म्हणाली, “तुझी ती खरी बाई दाखव ना मला. मला काय माहीत गं...”

“आत्ता नको.”

“मी हसायला नको होतं.”

“तुला हसायलाच दाखवलं होतं, आई. जा तू.”

आई गेल्यावर रेवतीने गेम उघडला. तिची बाई चिलखत घालून शेकोटीजवळ उभी होती. रेवतीने तिला दोन पावलं चालवलं आणि थांबवलं. चाल तीच होती, महिनोन् महिने घासून बसवलेली. पण आता प्रत्येक पावलाला कुणीतरी मागून हसेल असं वाटत होतं. मनातून झटकलं तरी ते जाईना.

‘वजनदार’चं पान काढूनच टाकावं असं तिला आधी वाटलं. हात तिथपर्यंत गेलाही. पण आपलं पान गेलं तर जगात तिच्या मापाची एकच बाई उरणार होती, लाटणं घेऊन धावणारी. आणि ती दुसऱ्या कुणीतरी बाई, जी आपली योद्धा आपल्यासारखी बसते म्हणाली होती, तिने काय करायचं? रेवतीने पान राहू दिलं. इराचं नाव सहकाऱ्यांतून काढलं. परवानगीवरची खूण बदलून ‘आधी विचारावं’ केली, म्हणजे यापुढे नवं काही टाकायला तिची परवानगी लागणार. त्याने मौसीचं काही बिघडणार नव्हतं. आधी घेतलेलं परत घेता येत नाही, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

संध्याकाळी पहिली विनंती आली. इराचीच, बबीनाहून. ‘अगं, परवानगी बंद का दिसतेय? मौसीची बहीण टाकायची होती. लोक मागतायत. राग सोड आता, दे पटकन.’

खाली दोन बटणं होती. रेवतीने ‘नाही’ दाबलं. साइटने कारण विचारलं. तिने एक लिहिलं, पुसलं, दुसरं लिहिलं, तेही पुसलं. जिला टेप हातात धरूनही कळलं नाही तिला एका ओळीने काय कळणार? जागा रिकामी सोडून तिने उत्तर पाठवलं.

इराचा मेसेज लगेच आला. ‘रेवा, तुझ्याकडून चुकून “नाही” दाबलं गेलंय बघ.’