खालची अक्षरं

पिक्चरच्या खाली येणारी अक्षरं बघितली की माझं डोकंच उठायचं. आमच्या गंगाखेडच्या घरी आधी पेनड्राइव्हवर हिंदी पिक्चर यायचे, ते कसले, नुसता चिखल. हिरोचं नाक कुठं संपतंय आन् मिशी कुठं सुरू होतेय ते कळायचं नाही, आणि खाली इंग्रजी भाषांतराच्या दोन पिवळ्या ओळी. चित्रातच पक्क्या छापलेल्या, काढतो म्हटलं तरी न निघणाऱ्या. आमचे अण्णा, म्हणजे माझे वडील, पालमच्या शाळेत जन्मभर इंग्रजी शिकवून रिटायर झालेले. ते खुर्ची पुढं ओढून बसायचे आणि मधेच म्हणायचे, इंग्रजी चुकलंय. मला राग यायचा. अहो, पिक्चर बघा की, पेपर कशाला तपासायलेत?

मग मी मोठा टीव्ही घेतला. फोर-के. आता त्याच्यावर जुन्या फाइली लावणं म्हणजे त्याचा अपमान, म्हणून मोबाइलवर शोधून शोधून सगळं समजून घेतलं. एमकेव्ही फाइल म्हणजे जेवणाचा डबाच की. चित्र एका खणात, आवाज दुसऱ्यात, अक्षरं तिसऱ्यात. पाहिजे तेवढंच वाढून घ्यायचं. पेनड्राइव्ह जुन्या पद्धतीनं फॉरमॅट केलेला असला तर तो चार जीबीच्या वरची फाइल घेतच नाही, हेही कळलं. ऑफिसात दिसंल त्याला धरून मी हे ऐकवायचो. अक्षरांचा खण पहिल्याच दिवशी बंद केला. आता हिरोच्या दाढीचे खुंट मोजून घ्या म्हणालो घरी.

पहिल्या रविवारी अण्णा बसले आणि अर्ध्यातून उठले. डोळे दुखायलेत म्हणाले. पुढच्या रविवारी कंबर दुखायली. नंतर तर पिक्चर लागला की ते पेपर घेऊन ओट्यावर. माझं टाळकं सरकलं. एवढा टीव्ही आणला कुणासाठी? बायको म्हणाली, वय झालंय त्यांचं, नसंल आवडत. मी म्हणालो, वय न्हाई, खोड हाय ती. पोरानं काही आणलं की नाक मुरडायचं.

एकदा परभणीहून बहीण आणि दाजी आले. दाजींसमोर टीव्ही मिरवायचा होता, म्हणून अण्णांनाही बळंच खुर्चीवर आणून बसवलं. पिक्चरमधली आई शेवटच्या घटका मोजत होती. तेवढ्यात बहिणीच्या हातातली चिवड्याची बशी दाजींच्या मांडीवर पालथी झाली. ती हसली, तिला बघून बायको हसली, आणि त्या दोघींना हसताना बघून अण्णा टीव्हीकडं तोंड करून मोठ्यानं हसले. वर म्हणाले, लय मजेशीर पिक्चर हाय.

"अण्णा, म्हातारी मरायलीय तिकडं," मी म्हणालो. "तुमाला मजा कशाची यायलीय?"

सगळे हसत सुटले. दाजी तर डोळे पुसायला लागले. सगळे हसायलेत म्हणून अण्णाही हसले. मग सगळे आपल्याकडंच बघायलेत हे त्यांच्या ध्यानात आलं, तसे ते हळूच उठून बाहेर गेले. रुसले, झालं, असं म्हणून मी पिक्चर पुढं चालू ठेवला.

त्याच्या पुढच्या रविवारी दुपारी नवी फाइल लावली. चित्र झकास, आवाजच नाही. त्या फाइलीतल्या आवाजाची जात आमच्या टीव्हीला ओळखीची नव्हती. मेनूत इकडं दाब, तिकडं दाब करताना अक्षरांचा खण तेवढा चालू झाला. बायको वैतागून म्हणाली, लागला की हाक मारा, आणि आत गेली. मी मोबाइलमधी मुंडी घालून उपाय शोधत बसलो.

कुणीतरी हसलं म्हणून वर बघितलं. अण्णा कधी येऊन बसले होते कोण जाणे. खुर्ची पुढं ओढलेली. पडद्यावर दोन माणसं बाजेवर बसून नुसती बोलत होती, टीव्हीतून चकार शब्द निघत नव्हता, आणि अण्णा त्या अक्षरांवरून नजर फिरवत बरोबर जागेवर हसत होते. परत एकदा हसले. मी एवढे दिवस ह्या माणसाच्या डोळ्यांपुढून काय काढून घेतलं होतं, आणि दाजींपुढं कशावरून त्याची टर उडवली होती, ते एका दमात कळलं.

माझ्या हातातल्या रिमोटकडं त्यांचं लक्ष गेलं. घाईघाईनं म्हणाले, "अक्षरं आड येत असतील तर काढ तू. मला काई अडत न्हाई. आवाज लय साफ हाय ह्या टीव्हीचा, सगळं ऐकू यायलंय."

मेल्याहून मेल्यासारखं झालं मला. रिमोट खाली ठेवला. ऱ्हाऊ द्या अण्णा, असं म्हणायला तोंड उघडलं, तर ते माझ्या ओठांकडं टक लावून बसलेले.