सुभद्राच्या घराला माळवद नव्हतं

गयाबाईचे माझ्यावर उपकार आहेत — हे वाक्य मी आजवर कुणापुढं उच्चारलेलं नाही. नवऱ्यापुढं नाही, पोटच्या लेकीपुढंही नाही. उपकार सांगायचे तर कशाबद्दल, तेही सांगावं लागतं ना? तिथंच जीभ अडते. आता सत्तरी उलटली, तुम्हाला सांगते. ऐका, आणि मधे मला सावरून घेऊ नका.

बहात्तरचा दुष्काळ सरून दोनेक वर्षं झाली असतील. बोरीच्या पुढं, आत वळल्यावर लागणाऱ्या एका गावात मी सरकारी दवाखान्यात नर्स होते. डॉक्टर आठवड्यातून दोनदा यायचे, बाकी दिवस दवाखाना म्हणजे मीच. तोंडाची फटकळ — दुखणं अंगावर काढून कुणी आलं की त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार करायचे. गाव मला वचकून असे. मी कशाला भ्यायचे, ते मात्र कुणाला ठाऊक नव्हतं.

मी भ्यायचे रजिस्टरातल्या एका रकान्याला. 'इजा कशी झाली.' तिथं 'मारहाण' लिहिलं की पोलिसांना कळवा, मग समन्स, साक्ष, तारखा, वकिलाचे वाकडे प्रश्न — आणि त्याच गावात राहायचं ते वेगळंच. माझ्या आधीच्या बाईंनी यावर एक तोड काढून ठेवली होती. 'माळवदावरून पडली.' आमच्याकडं घरांवर मातीचं सपाट माळवद, बाया त्यावर डाळी वाळत घालतात, एखादी पडतेही. पण इतक्या? रजिस्टर चाळलं तर वाटावं, गावातल्या बाया माळवदावरून उड्याच मारत सुटल्यात. त्यातलं निम्मं अक्षर माझं होतं.

गयाबाईनं सुभद्राला बैलगाडीत घालून आणलं. सून तिची. उजवा हात मनगटापाशी मोडलेला, धड शुद्ध नाही. तिला बाहेरच्या बाकावर आडवं केलं आणि गयाबाई माझ्या टेबलापाशी आली. कसं झालं, मी विचारलं. सासवा काय सांगतात ते मला पाठ होतं. पण ही म्हणाली, "माझ्या लेकानं मारलंय. काठीनं. लिवा तसंच."

पोटच्या पोराविरुद्ध! त्या टेबलापाशी उभं राहून असं कुणी कधी बोललं नव्हतं. आणि मी काय केलं? मान हलवली — आणि लिहिलं, 'माळवदावरून पडली.' गयाबाईला वाचता येत नव्हतं.

सुभद्राचा भाऊ सेलूकडचा. 'घरातलं भांडण आहे, आपसात मिटवा' म्हणून पोलिसांनी त्याला दोनदा परत लावलं. तो चिवट, तिसऱ्या वेळी दारातच बसून राहिला. केस उभी राहिली. तालुक्याच्या कोर्टात आरोपीच्या वकिलानं माझं रजिस्टर वाचून दाखवलं — सरकारी कागद आहे, साहेब! सुभद्रा एकदम बोलली, "साहेब, आमचं छप्पर हाय. माळवद कुठलं आणू?"

लोक हसले. खरंच की — कापसाच्या पळाट्यांच्या कुडाच्या भिंती, वर गवत. माझा हात आपला सवयीनं चालला होता. मॅजिस्ट्रेटसाहेब माझ्याकडं वळले, हे तुम्हाला कुणी सांगितलं? मी शपथ घेतलेली होती. मी म्हणाले, "तिच्या सासूनं."

हो. असं म्हणाले मी.

गयाबाई मागं भिंतीला टेकून बसली होती. तिला पुढं बोलावलं. 'बाई खोटं बोलायलीय' एवढंच ती म्हणाली असती तर? अंगठा उठवणाऱ्या म्हातारीचा शब्द आणि सरकारी रजिस्टर — कुणाचं खरं ठरलं असतं? लेक सुटला असता, सून पुन्हा त्याच काठीखाली. हे तिला कसं उमगलं, देव जाणे. माझ्याकडं एकदा बघितलं तिनं, मग म्हणाली, "व्हय, म्याच सांगितलं. लेकाची लाज झाकायला. मारलं त्यानंच, म्या डोळ्यानं बघितलं."

साहेबांनी तिला भर कोर्टात झाडलं. लेकाला शिक्षा झाली.

बाहेर नळापाशी गाठ पडली. तिचे पाय धरावेत असं वाटलं — धरले नाहीत. तीच म्हणाली, "घाबरू नका. तुमची नोकरी गेली तर बाया कुठं जातील?" त्यानंतर मी माळवद कधी लिहिलं नाही. तारखांना गेले, वकिलांशी भांडले. लोक मला धीट नर्सबाई म्हणू लागले. ती धिटाई गयाबाईची, माझी कुठली? आजही तिचं नाव घेतल्याशिवाय माझा दिवस उजाडत नाही.

पण थांबा, एवढ्यावर सुटका नाही. सुभद्रा भावाकडंच राहिली. तीनेक वर्षांनी देवगाव फाट्यावर भेटली, गाडीची वाट बघत. माझे हात धरले. "बाई, तुमी खरं बोललात म्हणून वाचले. सासूचं मातर तोंड बगणार न्हाई. आईसारखी वाटली व्हती, अन् तिनंच माळवद काढलं!"

एक वाक्य बोलायचं होतं. एकच. जिंतूरची गाडी आली आणि मी चढले.

गयाबाई तेव्हा होती. एकटी राहायची. खोकल्याच्या औषधाला आपली बाटली घेऊन यायची आणि दर खेपेला तेच — सुभीचं काही कळलं का? त्या थंडीत ती गेली, सुभद्रा मातीला आली नाही. त्याआधी शेवटची दवाखान्यात आली तेव्हाही तिनं विचारलंच. मी म्हणाले, "भेटली होती. तुमची लय आठवण काढते."

म्हातारीनं पदरानं डोळे पुसले. "लय उपकार झाले, बाई," म्हणाली. मला. मी बाटलीला बूच लावलं आणि तिच्या हातात दिली.