बर्फाच्या बादलीतली फुलं

एका जागी राहणाऱ्या माणसाकडे सामान साठतं आणि फिरत्या माणसाकडे किस्से. माझं सामान म्हणाल तर दोन बॅगा, एक प्रेशर कुकर आणि गुडघ्याला बांधायचे पट्टे. किस्से मात्र एवढे झालेत, की लोक जेवायला बोलावतात तेच त्यासाठी. "आदित्य, तो डुकराचा सांग ना!" सांगून सांगून मला कंटाळा आलाय, पण ताटात श्रीखंड वाढून झालेलं असतं. नाही कसं म्हणणार?

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. मी जर्मनीत व्यावसायिक बास्केटबॉल खेळतो. हो, तीच माझी नोकरी. नाही, टीव्हीवर दिसत नाही. मी शाळेत असताना बाबांना र्युसेल्सहाइमच्या मोटारींच्या कारखान्यात काम मिळालं आणि आम्ही पुण्याहून इकडे आलो. वर्गात मी सगळ्यात उंच निघालो म्हणून माझ्या हातात बॉल दिला. पुढे मोठ्या संघात गेलो तेव्हा कळलं, मी सगळ्यात बुटका आहे! मग गार्ड झालो. गार्ड म्हणजे बॉल घेऊन पुढे येणारा आणि बाकी चौघांनी कुठे उभं राहायचं ते ओरडून सांगणारा. गार्डाने स्वतः कुठे राहायचं ते मात्र क्लब ठरवतो. करार एका वर्षाचा. मे महिना आला की बॅगा भरायच्या, पुढचं गाव शोधायचं.

यंदा मात्र नुसतं गाव शोधून भागणार नव्हतं. माझी मुलगी मीरा सप्टेंबरात पहिलीत जाणार. बायको केतकी आता वाल्डॉर्फला सॉफ्टवेअर कंपनीत आहे, दोघी तिथेच राहतात. तिने आवाज अजिबात न चढवता सांगून टाकलं, "शाळा सुरू झाली की आम्ही कुठेही येणार नाही. तुला यायचं असेल तर तू ये. पण मग कायमचा."

मी म्हटलं, "बघू."

जो गार्ड 'बघू' म्हणतो त्याच्या हातातून बॉल जातो, हे मी संघातल्या नव्या पोरांना शिकवत आलोय.

*

बाबांनी सगळं आयुष्य एका कारखान्यात, एका विभागात आणि बहुतेक एकाच खुर्चीवर काढलं. त्यांना माझं काम कधी समजलंच नाही. माझ्या पहिल्या क्लबच्या सीझनची सुरुवात ग्रिल पार्टीने झाली, तिथे त्यांनी मॅनेजरला बाजूला घेतलं. मी लांबून बघत होतो. बाबांनी शर्ट इन केला, घसा साफ केला आणि शुद्ध जर्मनमध्ये विचारलं, "आमच्या मुलाला परमनंट कधी करताय?"

मॅनेजरने बाबांच्या खांद्यावर हात ठेवला. "हेर कुलकर्णी, मलाच अजून केलेलं नाही!"

बाबांना वाटलं, गंमत करतोय. डिसेंबरात त्याला काढलं. मी फोनवर बातमी दिली. बाबा म्हणाले, "सज्जन होता रे. त्याला म्हणावं, आमच्याकडे जागा निघाली तर कळवतो."

*

बचाव करणाऱ्याला आपल्या साथीदाराच्या आड अडकवून उजवीकडून आत घुसायचं, ही जगातली सगळ्यात साधी चाल. प्रत्येक क्लबात तीच, पण नाव वेगळं. एकीकडे 'मूठ', दुसरीकडे 'हॅम्बर्ग', आणि एका क्लबात कोचच्या कुत्रीचं नाव, 'बेला'.

मी क्लब बदलला होता. मॅच अटीतटीची, शेवटचे काही सेकंद, डोकं बधिर झालेलं. मी जिवाच्या आकांताने ओरडलो, "बेला!"

माझे चौघे माझ्याकडे बघत जागच्या जागी उभे. बेला कोण, हे त्यांना काय माहीत? माहीत होतं फक्त समोरच्या संघातल्या योनासला, कारण तो आणि मी त्या कुत्रीवाल्या क्लबात बरोबर होतो! मी बॉल जिथे टाकणार होतो तिथे तो आधीच जाऊन उभा. बॉल शांतपणे झेलला, जाऊन बास्केट केली आणि परत येताना माझ्या कानाशी म्हणाला, "बेला वारली रे गेल्या महिन्यात."

मॅच गेली. कोच म्हणाला, "एक सांग. तू नक्की कुठल्या क्लबचा आहेस?"

मला खरंच क्षणभर आठवावं लागलं.

*

आता तो डुकराचा.

क्लब खेळाडूला राहायला फ्लॅट देतो आणि फिरायला गाडी देतो. गाडी असते प्रायोजकाची. हॅम्बर्गजवळच्या क्लबात आमचा प्रायोजक होता गावातला खाटीक. त्यामुळे माझ्या गाडीच्या दोन्ही अंगांना, बॉनेटपासून डिकीपर्यंत, एक गुलाबी डुक्कर. एप्रन घातलेलं, हातात सुरा, आणि हसणारं!

त्याच वर्षी सासू-सासरे पहिल्यांदा आले. सासूबाई अंड्याचा केक असेल त्या टेबलावर बसत नाहीत. विमानतळावर गाडी समोर आणली. सासरे समजूतदार, म्हणाले, "ऐसपैस आहे हो गाडी." सासूबाईंनी डुकराकडे एकदा नीट बघितलं. "आदित्यराव, हे आपल्याला हसतंय का?"

पहिल्याच रविवारी त्यांना देवळात जायचं होतं. "गाडी जरा लांब लावा. देवाच्या नजरेला पडायला नको." दोन गल्ल्या सोडून लावली. हॅम्बर्गचा पाऊस, छत्री उलटी झालेली, नैवेद्याचा शिरा पदराखाली. चौघं निथळत देवळात. महिनाभर कुठेही जायचं तर हेच. दुकान असो, कोणाचं घर असो, गाडी दोन गल्ल्या लांब! मॅचनंतरच्या दिवशी माझ्याच्याने जिना उतरवत नसे, पण सांगणार कोणाला?

परत जायच्या आदल्या दिवशी मात्र मॉलच्या पार्किंगमध्ये आम्ही गाडीच हरवून बसलो. सगळ्या करड्या गाड्या, वर करडं आभाळ. केतकी चिडलेली, मी लंगडतोय. एवढ्यात सासूबाई पिशव्या खाली ठेवून लहान मुलीसारख्या ओरडल्या, "ते बघा, ते बघा आपलं डुक्कर!"

*

हा छोटा आहे. एका सीझनला माझा गुडघा असा काही रुसला की मी बेंचवरून उठलोच नाही. त्या वर्षी मीराच्या किटामध्ये, म्हणजे बालवाडीत, सगळ्यांनी आपले आईबाबा काय करतात ते सांगायचं होतं. कोणी म्हणालं डॉक्टर, कोणी बस चालवतो. मीरा जर्मनमध्ये ठणकावून म्हणाली, "माझा बाबा बसतो."

बाईंनी विचारलं, "ऑफिसात का?"

"नाही. खुर्चीवर. आणि टाळ्या वाजवतो."

केतकी हे हसून सांगायला गेली आणि मधेच थांबली. मीही हसलो नाही.

*

श्टुटगार्टच्या बाजूला, श्वाबियात, एक प्रकार असतो: 'केअरवोखं'. इमारतीचा जिना झाडायची पाळी दर आठवड्याला एकेका घराकडे जाते. ज्याची पाळी, त्याच्या दाराला लाकडी पाटी अडकवलेली. तिथल्या क्लबात पहिल्यांदा गेलो तेव्हा पहिल्याच सोमवारी पाटी माझ्या दाराला. मी मुकाट्याने जिना झाडला, पुसला. पुढच्या सोमवारी बघतो तर पाटी तिथेच! पुन्हा झाडला. मला वाटलं, नवीन माणसाची इथे अशीच रॅगिंग घेत असतील. मॅच हरून, गुडघ्याला बर्फ बांधून, मी ते चार मजले आख्खा हिवाळा झाडले.

फेब्रुवारीत दारिओ घरी आला. दारिओ म्हणजे आमचा क्रोएशियन सेंटर, बास्केटखाली उभा राहणारा, माझ्याहून दीड हात उंच आणि माझ्याहून थकलेला. मी झाडू घेऊन उभा. तो म्हणाला, "वेड्या, आठवडा संपला की पाटी आपण शेजाऱ्याच्या दाराला लावायची असते!"

मी तरातरा खाली गेलो. तळमजल्यावर फ्राउ हेबरले, सत्तरीच्या पुढच्या, एकट्या. म्हटलं, "मला कोणी सांगितलं का नाही?"

"आम्हाला वाटलं, तुम्हाला आवडतं!" त्या म्हणाल्या. "पण कोपरे सोडता तुम्ही."

ओशाळून मी त्यांना मॅचचं तिकीट दिलं. समोरच्या संघाने कोपऱ्यात उभं राहून एकामागून एक बास्केट मारल्या, आणि कोपरा माझ्याकडे होता. तिसऱ्या रांगेतून सगळ्या हॉलला ऐकू जाईल असा आवाज आला, "बघा! इथेही कोपरे सोडतो!"

तेव्हापासून त्या प्रत्येक घरच्या मॅचला येतात.

*

सीझनच्या शेवटच्या घरच्या मॅचनंतर, जे क्लब सोडून जाणार त्यांना मैदानात बोलावून गुच्छ देतात. नावं पुकारतात, लोक उभं राहून टाळ्या वाजवतात. छान रीत आहे. फक्त आपण जाणार आहोत हे आपल्याला आधी कोणीतरी सांगायला हवं!

गुच्छ ताजे राहायला कुठे ठेवणार? आमच्या बर्फाच्या बादल्यांत. त्यामुळे ड्रेसिंग रूममधला प्रत्येक जुना खेळाडू त्या दिवशी आधी फिजिओच्या खोलीत डोकावतो आणि किती गुच्छ आहेत ते बघतो. मॅनेजर अजून काही बोललेला नसतो, फुलं बोलतात.

एका क्लबात मी नेहमीसारखा गुडघा बुडवायला गेलो, तर बादलीत पिवळे ट्यूलिप. फिजिओला विचारलं, "कोणाचा गं हा?"

तिने माझ्याकडे बघितलं आणि रेडिओचा आवाज वाढवला.

घरी आणला तर फुलदाणी नाही. क्लबच्या फ्लॅटमध्ये टोस्टर असतो, इस्त्री असते, फुलदाणी नसते. केतकीने कुकर काढला, पाणी भरलं, त्यात ट्यूलिप ठेवले. पुढे जिथे जिथे गुच्छ मिळाला तिथे तेच झालं. फुलं सुकेपर्यंत आम्ही वरण पातेल्यात शिजवायचो.

*

आता शेवटचा. हा अजून कोणाच्या जेवणावर सांगितलेला नाही.

यंदा मी त्याच श्वाबियन क्लबात दुसऱ्यांदा आलो होतो. तोच फ्लॅट, तोच जिना, तळमजल्यावर त्याच फ्राउ हेबरले. दारिओ तिथेच होता, यंदा निवृत्त होणार होता. केतकी आणि मीरा वाल्डॉर्फला. शेवटची मॅच शनिवारी. गुरुवारी मॅनेजरने बोलावलं. म्हणाला, "अजून एक वर्ष थांब. पोरांना तुझी गरज आहे." इतक्या वर्षांत मला 'थांब' असं कोणी म्हटलंच नव्हतं! म्हटलं, "सोमवारी सांगतो." केतकीला फोनवर हे सांगायचं ठरवलं होतं, पण ती मीराच्या दप्तराचं सांगत बसली आणि मी ऐकत बसलो.

शनिवारी त्या दोघी आल्या. र्युसेल्सहाइमहून बाबा आले, शर्ट इन करून. मॅचच्या आधी मी आणि दारिओ फिजिओच्या खोलीत डोकावलो. बादलीत चार गुच्छ. चौघं कोण ते सगळ्यांना माहीत होतं.

"तुझा नाही," दारिओ म्हणाला. "मजा आहे बुवा तुझी."

मॅच हरलो. मी बेंचवर बसून गुडघ्याला बर्फ लावला. निवेदकाने एकेक नाव पुकारलं. चौघं मैदानात ओळीने उभे राहिले, दारिओ शेवटी, हातात मावणार नाही एवढा गुच्छ. लोकांनी टाळ्या वाजवल्या. नावं संपली. माणसं कोट घालायला लागली.

मी बर्फ खाली ठेवला, उठलो, आणि ओळीच्या टोकाला, दारिओच्या पलीकडे जाऊन उभा राहिलो.

निवेदकाने हातातला कागद बघितला, उलटून मागची बाजूही बघितली. मॅनेजर तोंडाजवळ नेलेला कॉफीचा कप तसाच धरून राहिला. केतकी मीराच्या जॅकेटची चेन लावत होती, तिचा हात तिथेच थांबला. बाबा आपले उभे राहिले. दारिओने माझ्याकडे न बघता गुच्छातली अर्धी फुलं उपसली आणि माझ्या हातात कोंबली. त्यांचं पाणी माझ्या कोपरावरून खाली ओघळलं.

आणि तिसऱ्या रांगेतून फ्राउ हेबरले ओरडल्या, "तिकडे कोपऱ्यात काय उभा राहिलायस? मध्ये ये!"