पत्रिकेतली हरवलेली ओळ

लग्नाआधी दोनेक वर्षं मी गोंदियातल्या एका छापखान्यात मराठी टायपिंग केलं. दोन हजार सालानंतरचे दिवस. दवनीवाड्याहून सकाळच्या बसनं यायचे. कॉम्प्युटर एकच, तो चालवणारीही मी एकटीच, त्यामुळे रुबाब मोठा. मालकांना आम्ही सेठजी म्हणायचो; ते कॉम्प्युटरला हात लावायला घाबरत. तिसरा माणूस म्हणजे काकाजी, नवेगाव बांधकडचे जुने कंपोझिटर. उभं आयुष्य शिशाचे खिळे जुळवण्यात गेलेलं, आता कागद कापायचं काम करत. मी टाइप करताना ते मागे उभे राहून जोडाक्षरं बघायचे आणि नुसतं "हं" म्हणायचे. ते हं कौतुकाचं की नापसंतीचं, कधी कळलं नाही.

एका रिकाम्या दुपारी मी सफाईला बसले. डिस्क भरल्याची सूचना सारखी येत होती. मराठी सॉफ्टवेअरच्या फोल्डरमध्ये काही फायली होत्या, नावाच्या शेवटी डीएलएल. उघडायला गेलं तर उघडत नव्हत्या. बिनकामाच्या समजून चार-पाच उडवल्या, रिसायकल बिनही रिकामं केलं. मोठं काम केल्यासारखं वाटलं.

दुसऱ्या दिवशी सॉफ्टवेअर उघडताना अमुक फाइल सापडत नाही, असं स्क्रीनवर आलं. ओके दाबलं, उघडलं. पण त्याला काहीच आठवत नव्हतं. मराठी कीबोर्ड गेला, फाँट गेला, कागदाचं माप भलतंच. सगळं पुन्हा लावलं, बंद करून उघडलं, तर पुन्हा कोरं. आम्ही लावलेली सेटिंग जपून ठेवायचं काम त्या उडवलेल्या फायलींपैकीच एक करत होती. ते पुन्हा टाकायची सीडी सॉफ्टवेअर बसवून देणारा माणूस परत घेऊन गेला होता आणि सेठजींना सांगायची माझी हिंमत नव्हती. वहीच्या मागच्या पानावर सगळी मापं लिहिली आणि रोज सेठजी यायच्या आत लावायला लागले. तीन आठवडे छान निभावलं.

मग एकदा बस उशिरा आली. टेबलावर एका बौद्ध लग्नाच्या पत्रिकेचं काम वाट बघत होतं. घाईत कीबोर्ड लावला, फाँट लावला, कागदाचं माप राहिलं. मजकूर छपाईला गेला. संध्याकाळी पत्रिकांचे गठ्ठे बांधताना काकाजींनी एक पत्रिका उचलली, खालपर्यंत वाचली आणि माझ्यापुढे धरली.

"बाई, लगन कुठं लावून राहिली तू?"

मंगलस्थळाची शेवटची ओळ कापली गेली होती. नवेगाव बांधच्या विहाराचं पटांगण त्या पत्रिकेत कुठेच नव्हतं. मला रडू आलं आणि मी त्यांना फायलीपासून वहीपर्यंत सगळं सांगून टाकलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाले, "अन् हे मले काऊन नाही सांगितलं?"

उत्तराची वाट न बघता ते कोपऱ्यात गेले, खिळ्यांच्या खोक्यांवरची धूळ झटकली आणि एकेक अक्षर वेचून ती ओळ जुळवली. बोटं जराही अडखळत नव्हती. पायानं चालवायचं जुनं मशीन सुरू झालं. मी पत्रिका द्यायची, त्यांनी ओळ छापायची; खिळ्यांचा दाब कागदावर उमटायचा. सेठजी आत आले, मशीनकडे बघून थबकले. मग मी त्यांनाही सगळं सांगितलं. ते म्हणाले, "पहले बोलना था ना, बेटी." मग स्वतःच पत्रिका मोजायला बसले.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला रेल्वे लाइनपलीकडच्या दुसऱ्या छापखान्यात पाठवलं. तिथं तेच सॉफ्टवेअर होतं. तिथल्या टायपिस्ट ताईंनी हसत हसत ती फाइल फ्लॉपीवर घालून दिली. आणून जागेवर ठेवली, सेटिंग लावली, बंद केलं, उघडलं. सगळं जसंच्या तसं. काकाजींना हाक मारून दाखवलं तर ते स्क्रीनजवळ वाकून बराच वेळ बघत राहिले.

नवरीचे वडील पत्रिका न्यायला आले, तेव्हा शेवटच्या ओळीवरून बोट फिरवत म्हणाले, "हे अक्षर काही वेगळंच आहे, हाताले लागते. पूर्ण पत्रिका अशी काऊन नाही केली?"

काकाजी कागद कापत होते. मान वर न करता, गालातल्या गालात हसत त्यांनी "हं" म्हटलं, आणि या वेळी मला त्याचा अर्थ कळला.