कात्रीने आवाज लावला

ऑफिसात तिला सगळे ‘कात्री’ म्हणत. सासूबाईंच्या मते सून दिवसभर गार हवेत बसून सिनेमे बघायची आणि वर पगार घ्यायची. खरं काम होतं पोरांची माथी भडकवणारे, मारण्या-मरण्याचे गोडवे गाणारे व्हिडिओ इंटरनेटवरून काढून टाकायचं. आज एक काढावा, तर उद्या तोच आरशातल्यासारखा डावा-उजवा उलटवून, फुलांची चौकट लावून पुन्हा हजर. असल्या लोकांना कंटाळा कसा येत नाही, देव जाणे!

आवाज बंद ठेवून बघायचं, हा तिथला शिरस्ता. नाहीतर त्यातली किंचाळी जेवणाच्या ताटापर्यंत पाठ सोडत नाही. जाड भुवयांचा एक भाषणबाज तर तिच्या डोक्यातच जायचा. दिसला की उडव.

एक दिवस एका आईची तक्रार आली. ‘माझा व्हिडिओ का काढलात? या माणसाच्या नादी लागून माझा मुलगा जिवानिशी गेला. मी त्याला उत्तर दिलंय. एकदा ऐका तरी.’

कात्रीने आवाज लावला. भुवयावाला गरजत होता आणि त्याचं भाषण मध्येच थांबवून एक बाई ओट्यापाशी उभी राहून विचारत होती, “लोकांची पोरं मरायला धाडतोस मेल्या, तुझी कुठायत रे?”

हा व्हिडिओ कात्रीनेच उडवला होता. तिला स्वतःची शरम वाटली, आणि मग भयंकर राग आला. ती तडक साहेबांकडे गेली.

“हा परत लावायचाय.”

“अहो, त्यात भाषण आहे ना? नियम म्हणजे नियम. सुक्याबरोबर ओलंही जळतं.”

“जळत नाही साहेब, आपण जाळतो.”

“वरून विचारणा झाली तर नोकरी जाईल तुमची. मी मध्ये पडणार नाही.”

“नका पडू. माझं नाव घाला.”

तिने स्वतःच बटण दाबलं. आईचा व्हिडिओ परत लागला.

जागेवर येऊन तिने खणातले हेडफोन काढले. शेजारीण म्हणाली, “अगं, वेड लागलंय का तुला?”

“लागू दे.”

पुढचा व्हिडिओ पुन्हा भुवयावाल्याचाच होता. कात्रीने दात-ओठ खात तो शेवटपर्यंत ऐकला. मध्ये कुठलीच आई बोलली नाही.

मग तिने तो उडवला.