घळीपाशी दोन मिनिटं

डोंगरातल्या त्या राष्ट्रीय उद्यानाच्या गेटवर सगळे त्यांना सावकाशराव म्हणत. जीपमध्ये चढताना, उतरताना, बूट बांधताना, अगदी पाणी पिताना त्यांच्या तोंडी तोच शब्द असे. सव्वीस वर्षं ते तिथे वाटाड्याचं काम करत होते. छातीवर पितळी बिल्ला, नंबर एकोणीस. त्याहून जुना बिल्ला असलेला एकच माणूस उरला होता, आणि गुडघे गेल्यापासून तो तिकीट खिडकीवर बसायचा.

बिल्ल्याबरोबर दोन खोल्यांचं क्वार्टर मिळालेलं होतं, गेटपासून चार मिनिटांवर. बिल्ला गेला की क्वार्टर जाणार, आणि क्वार्टर गेलं की शहरात मुलीकडे जावं लागणार, बस डेपोच्या मागच्या इमारतीत, तिसऱ्या मजल्यावर. मुलगी मायेची होती, जावईही भला होता. सावकाशरावांना तिथे जायचं नव्हतं, एवढंच.

आणि बिल्ला जायची वेळ जवळ आली होती, कारण त्यांना ऐकू येईनासं झालं होतं.

यातलं बरंचसं मला आमच्या सहलीच्या दिवशी संध्याकाळी, त्यांच्या स्वयंपाकघरात बसल्यावर कळलं. पण गोष्ट क्रमाने सांगितलेली बरी. दीड वर्षापूर्वी डावा कान गेला, पाठोपाठ उजवा. समोर उभं राहून बोललं तर ओठांवरून त्यांना सगळं समजे. पाठीमागून हाक मारली तर काही नाही. बायकोने हाक मारणं सोडून, लक्ष वेधायला दिवा दोनदा लावून विझवायला सुरुवात केली होती. हे तिच्याशिवाय कुणालाच ठाऊक नव्हतं, मुलीलासुद्धा.

उद्यानात दरवर्षी वाटाड्यांची तपासणी होई. मागच्या वर्षी डॉक्टरांचा मदतनीस त्यांच्या पाठीशी उभा राहून आवाजाच्या यंत्राचं बटण दाबत होता. समोर औषधांचं कपाट होतं आणि त्याच्या काचेत मदतनिसाचा अंगठा दिसत होता. अंगठा हलला की सावकाशराव हात वर करत. पास झाले. यंदाची तपासणी येत्या सोमवारी होती, आणि दवाखान्याला रंग देताना ते कपाट दुसऱ्या खोलीत हलवल्याची बातमी बायकोनेच आणली होती. कानाला यंत्र लावून काम करायची उद्यानाची परवानगी नव्हती. त्याला कारण वाटेतली घळ.

आम्ही गेलो तो शुक्रवार होता.

मी विमा कंपनीत दाव्यांच्या विभागात आहे. निवृत्तीला अकरा महिने उरलेत. बायकोच्या गुडघ्यासाठी डॉक्टरांनी शस्त्रक्रिया सुचवली, तेव्हा ती म्हणाली की त्याआधी एकदा वरचं तळं बघायचं. घोळक्याबरोबर तिला झेपलं नसतं, म्हणून फक्त आम्हा दोघांसाठी वाटाडा आणि जीप अशी दिवसभराची सहल ठरवली. सकाळी सातला सावकाशराव आमच्या मुक्कामाच्या दारात हजर. त्यांनी बायकोचे बूट पाहिले, खाली बसून तिच्या नाड्या स्वतः पुन्हा बांधल्या आणि म्हणाले, "वहिनी, आज घाई फक्त सूर्याला. आपण सावकाश."

जीप दीड तास चढली, मग पायवाट. तळ्याच्या अलीकडे अर्ध्या तासावर ती घळ लागते. डोंगराला वरपासून खालपर्यंत पडलेली चीर, आणि तीत सुट्या दगडांचा उतार. वाट त्यातून आडवी जाते, जेमतेम ऐंशी पावलं. मधोमध पिवळा रंग दिलेला एक मोठा खडक आहे, आडोशाला. दगड वरून सुटतात तेव्हा ते दिसायच्या आधी आवाज येतो, पत्र्याच्या डब्यात खडे हलवल्यासारखा. आवाजापासून दगड वाटेवर पोचेपर्यंत अर्धं मिनिट मिळतं. म्हणून नियम असा, की अलीकडच्या खांबापाशी दोन मिनिटं संपूर्ण शांत उभं राहायचं, ऐकायचं, आणि मग एकेकाने पलीकडे जायचं.

सकाळी सावकाशरावांनी हा नियम सांगितला, मनगटावरचं घड्याळ पाहिलं आणि डोंगराकडे पाठ करून आमच्याकडे तोंड केलं. दोन मिनिटं ते आमच्याकडे बघत राहिले. मिनिटभराने बायकोच्या भुवया किंचित वर गेल्या. त्याच क्षणी त्यांचा तळहात वर आला, 'थांबा.' थोड्या वेळाने चार-पाच दगड टणाटण उड्या मारत वाटेवरून खाली गेले.

"तुम्हाला ऐकू आलं?" बायकोने विचारलं.

"सव्वीस वर्षं हेच ऐकतोय, वहिनी."

मी मनात म्हटलं, काय कान आहेत या माणसाचे.

तळं पाहिलं. बायकोने बूट काढून पाण्यात पाय सोडले आणि पाच मिनिटं बोटं हलवत बसली. डबा खाल्ला. एकापासून सावकाशराव घड्याळ बघायला लागले. वारा वाढत होता. दोनच्या ठोक्याला आम्ही परत निघालो आणि थंडीने बायकोने लोकरीचा स्कार्फ कानांवरून घट्ट बांधून घेतला.

घळीच्या तळ्याकडच्या बाजूच्या खांबापाशी आम्ही पुन्हा उभे राहिलो. सावकाशरावांनी पुन्हा आमच्याकडे तोंड केलं. बायको स्कार्फमुळे काही ऐकू शकत नव्हती, पण ते तिच्या लक्षात आलं नाही आणि माझ्याही नाही. दोन मिनिटं संपत आली होती. मला बारीक खडखड ऐकू आली. वारा असेल असं वाटलं. शिवाय ज्याचे कान इतके तिखट तो माणूस समोर स्वस्थ उभा आहे, म्हणजे काही नसेल, असा मी हिशेब केला. ते सरळ माझ्या चेहऱ्याकडे बघत होते. मी सरळ त्यांच्याकडे बघत होतो. समोरचा माणूस आपलं जळलेलं दुकान सांगत असताना चेहऱ्यावर काही उमटू द्यायचं नाही, ही आमच्या विभागाची पहिली शिकवण. पस्तीस वर्षांत ती अंगात मुरली आहे.

त्यांनी घड्याळ पाहून हात खाली केला. "चला वहिनी, सावकाश."

ती पंचवीस-तीस पावलं गेली असेल तेव्हा खडखड स्पष्ट झाली. "अगं, थांब," मी ओरडलो. तिने ऐकलं नाही. सावकाशरावांनी माझं उघडलेलं तोंड पाहिलं, गर्रकन वळले आणि गळ्यातली शिट्टी तीनदा फुंकली. ती मात्र तिच्या कानात शिरली. तिने वर पाहिलं, दहा पावलं धावली आणि पिवळ्या खडकामागे बसली.

मग दगड आले. पहिले लहान होते, मग पोळपाटाएवढे, मग एक पेटीएवढा, जो खडकाच्या माथ्यावर आपटून दुभंगला. धुळीत काही दिसेना. मी पुढे निघालो, तर सावकाशरावांनी माझ्या कोटाचा मागचा भाग धरून मला खेचलं. धूळ बसली. खडकामागून निळा हातमोजा वर आला आणि हलला.

सावकाशराव माझ्या समोर आले. चेहरा पांढरा पडला होता, पण आवाज नेहमीचाच.

"साहेब, मला ऐकू येत नाही."

"काय?"

"बहिरा आहे मी. कधीपासून, कसा, ते नंतर. आत्ता वहिनी मध्ये आहेत आणि वर दगड मोकळे झालेत. मी डोंगर बघतो, तुम्ही ऐका. काही वाजलं की माझा दंड दाबा."

"वारा असला तर?"

"तरी दाबा. तुम्ही ठरवू नका, नुसतं दाबा."

मला त्यांची गचांडी धरावीशी वाटत होती. पण माझा हात त्यांच्या दंडावर होता आणि तो तिथून काढायची सोय नव्हती. मी डोळे मिटले. पहिल्यांदा दाबला तेव्हा वारा होता. दुसऱ्यांदा कुठलासा पक्षी उडाला. तिसऱ्यांदा खरोखर दगड आले, थोडेच. प्रत्येक वेळी ते बायकोला 'बसा' अशी खूण करत आणि दोन मिनिटं नव्याने सुरू होत. अशी वीस मिनिटं गेली. मी आयुष्यात इतकं मन लावून काही ऐकलेलं नाही. शेवटी सलग दोन मिनिटं काही म्हणजे काही वाजलं नाही. त्यांनी एक शिट्टी दिली. बायको उठली आणि लंगडत पलीकडे पोचली.

"स्कार्फ काढा," त्यांनी तिला हातवाऱ्यांनी सांगितलं. मी ओलांडताना ती पलीकडून कान देऊन उभी राहिली. ते शेवटी आले. त्यांच्यासाठी आम्ही दोघंही अर्धवट हात उचलून उभे होतो, आणि ते वर न बघता फक्त आमच्या हातांकडे बघत चालत आले.

पलीकडे आल्यावर ते एका दगडावर बसले आणि कान, कपाट, सोमवार, क्वार्टर, सगळं चार वाक्यांत सांगून टाकलं. मग म्हणाले, "आवाज माणसाच्या तोंडावर दिसतो. सकाळी वहिनींच्या तोंडावर दिसला. वर्षभर मी तसंच काम करतोय, एकदाही चुकलं नव्हतं." माझ्याकडे वळले. "साहेब, मघाशी तुम्हाला ऐकू आलं होतं ना?"

"आलं होतं."

"मग तोंडावर का नाही आलं?"

बायको वाकून गुडघा चोळत होती. "बत्तीस वर्षं मी तेच विचारतेय," ती म्हणाली.

ती खाली बघून बोलल्यामुळे त्यांना समजलं नाही. ते माझ्याकडे बघत राहिले. मग मलाच ते वाक्य त्यांच्यासमोर तोंड करून पुन्हा म्हणावं लागलं. ते हसले, पण अगदी थोडं.

उतरताना मी विचारलं, "उद्या कोण आहे तुमच्याबरोबर?"

"एक कुटुंब. दोन मोठी, दोन लहान."

जीप दीड तासात खाली उतरली.

गेटवर प्रत्येक सहल रजिस्टरमध्ये उतरवतात. बाहेर पडल्याची वेळ, माणसं किती, आणि शेवटचा रकाना शेऱ्याचा. तिथल्या बाईंनी पाच पन्नास लिहिलं, तीन लिहिलं आणि मान वर न करता मला विचारलं, "काही त्रास नाही ना झाला? निरंक टाकू?"

सावकाशराव खुंटीला दोर अडकवत होते. बाईंचा प्रश्न त्यांना ऐकू आला नव्हता, पण तो रोजचाच असल्यामुळे कधी येतो ते त्यांना ठाऊक होतं. ते वळले आणि माझ्या चेहऱ्याकडे बघायला लागले.

मी नुसता गप्प राहिलो असतो तर बाईंनी निरंक टाकलं असतं. सोमवारचं काय व्हायचं ते झालं असतं, पण शनिवार आणि रविवार मधे होते. या माणसाने माझ्या बायकोला खडकामागे पोचवलं होतं, आणि त्यानेच तिला घळीत पाठवलं होतं. दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. मला ती दोन लहान मुलं दिसायला लागली. मुलांच्या तोंडावर तर सगळंच उमटतं, असंही मनात आलं. पण ती कानटोप्या घालून आली तर?

माझ्या चेहऱ्याचं काय झालं ते मला सांगता येणार नाही. बायको म्हणते, हनुवटी थरथरली. मला ते मान्य नाही.

सावकाशराव टेबलापाशी आले आणि त्यांनी रजिस्टर आपल्याकडे फिरवलं. "तुम्ही नका लिहू, बाई. हा शेरा माझा आहे." वाकून, एकेक अक्षर काढत त्यांनी लिहिलं: 'घळीत दगड आले. वाटाड्याला ऐकू आले नाहीत. उद्याची सहल दुसऱ्याकडे द्यावी.' खाली सही, नंबर एकोणीस.

बाई वाचून त्यांच्याकडे बघतच राहिल्या. "सावकाशराव, हे काय हो?"

ते बिल्ला काढत होते. सव्वीस वर्षांची पिन, गंजून अडकली होती. बराच वेळ निघेना. शेवटी बाईंनीच उठून ती सोडवून दिली.

त्यांनी आम्हाला घरी चहाला नेलं. आम्ही पायरी चढलो तेव्हा आतला दिवा दोनदा लागला आणि विझला. पाहुणे दिसताच त्यांची बायको ओशाळली. सावकाशरावांनी शर्टावरच्या, पिनेने पडलेल्या दोन भोकांवर बोट ठेवलं. ती काही विचारायला थांबली नाही, आणखी दोन कप काढले. चहा गाळताना म्हणाली, "चला, सोमवारची धास्ती तरी संपली." त्यांची पाठ होती. त्यांना ते कळलं नाही, आणि तिनेही पुन्हा सांगितलं नाही.

चार महिन्यांनी बायकोच्या फोनवर त्यांचा निरोप आला. त्यांच्या मुलीने टाइप करून दिला असावा. 'कानाला यंत्र बसवलं. डेपोतल्या गाड्या मागे घेताना फार वाजतात. वहिनींचा गुडघा कसा आहे? साहेबांना नमस्कार.'

बायकोने मला तो वाचून दाखवला आणि चष्म्यावरून माझ्या तोंडाकडे बघत बसली.