दरवाजावरचा हार

"तू जरा लांब उभा ऱ्हा. पूजा होईस्तोवर मशिनला हात लावू नकोस."

खंडेनवमी होती. मलकापुरातलं वर्कशॉप. मालकांच्या काकांच्या हातात हळदीकुंकवाचं ताट. मी संगणकावर चालणाऱ्या सीएनसी लेथपासून मागं सरलो, भिंतीला टेकलो. अकरा वर्षं या मशिनचा प्रत्येक अलार्म, प्रत्येक बिघाड मीच काढतोय. ग्रीस, कूलंट, पॅनेलमधली धूळ, सगळ्याला हेच हात. तेव्हा विटाळ होत नाही.

मालक जवळ येऊन हळू म्हणाले, "तुमच्यात पूजा नसते ना, म्हणून काका बोलले. मनाला लावून घेऊ नका."

खरं आहे. आजोबांनी धम्म घेतला तेव्हाच आमच्या घरातले देव गेले. मला आरती नकोच होती. पण पूजा न करणं हा माझा निर्णय. भिंतीशी उभं करणं हा त्यांचा.

नारळ फुटला. काकांनी सगळ्यांच्या हातात पेढा ठेवला. माझ्या हातावर वरून टाकला.

मग मालकांनी पहिल्या जॉबसाठी बटण दाबलं. मशीन हललं नाही. पडद्यावर लाल अक्षरांत अलार्म: दरवाजा उघडा आहे. दरवाजा तर बंद दिसत होता. पुन्हा दाबलं. पुन्हा तेच.

"ये रं, बघ की जरा," काका म्हणाले.

गेलो. दरवाजावर घातलेल्या झेंडूच्या हाराची दोरी, दरवाजा बंद झाला की दाबला जाणाऱ्या वरच्या स्विचच्या खाचेत अडकली होती, म्हणून तो दाबला जात नव्हता. मी हात वर नेला.

"हाराला न्हाई शिवायचं. कुठं अडकलाय तेवढं सांग. मी काढतो."

हात हवेतच राहिला. मुलगी कराडला इंजिनिअरिंग शिकते. माझ्या वयात नवी नोकरी कोण देतं? सगळं डोक्यात येऊन गेलं. हात खाली घेतला.

"काका, अलार्म घालवायचा तर हार मीच काढणार. न्हाईतर तुमचं तुमी बघा."

"लय चढलाय ह्यो," काका मालकांना म्हणाले.

मालक पडद्याकडंच बघत राहिले. तेच जास्त लागलं.

पेढा तिथंच टेबलावर ठेवला. टूलबॅग उचलली. दारापर्यंत कुणी हाक मारली नाही.

ती दोरी त्यांना सापडली असेल. माझ्यावाचून मशीन चालेल, हे मला ठाऊक आहे. तरी ठरलं ते ठरलं. ज्या मशिनपासून मला एक दिवस लांब उभं करतात, त्याच्याजवळ मी उरलेले दिवसही जाणार नाही.